आधी अर्ज, मग चालान

नव्वदच्या दशकात मी मध्य प्रदेशातल्या बालाघाटच्या कोर्टात भाऊसाहेब वकिलांचा ज्युनिअर म्हणून चिकटलो. तारखेला फक्त पुढची तारीख मिळायची, त्यामुळे मधल्या रिकाम्या वेळात किस्सेच साचायचे. कायद्यातल्या मुदती ज्यांना रुक्ष वाटतात, त्यांनी आमच्या बाररूममध्ये एकदा चहाला बसायला हवं होतं.

*

अटक केली की चोवीस तासांत मॅजिस्ट्रेटपुढे हजर करायचं. एकदा बैहरच्या घाटात पोलिसांची जीप बंद पडली. आरोपी कोर्टात आला तो चिखलाने माखलेला, धापा टाकत! मॅजिस्ट्रेट भडकले, "मारपीट हुई क्या?"

"नहीं हुजूर. गाड़ी को धक्का मैंने ही मारा. नहीं तो टाइम निकल जाता!"

*

जप्ती पंचांसमोर व्हावी, हा नियम. एका ठाण्यासमोरचा पानवाला दर केसमध्ये पंच! भाऊसाहेबांनी उलटतपासात विचारलं, "चाकू कहाँ ज़ब्त हुआ?"

"मेरी दुकान पर, साहब."

"और भैंस?"

पानवाला वैतागला. "साहब, मैं दुकान छोड़कर कहीं जाता ही नहीं!"

*

किरकोळ गुन्ह्याची केस सहा महिन्यांत लावावी लागते. दुसऱ्याच्या शेतात बकरी सोडल्याची केस आली तीन वर्षांनी. भाऊसाहेब उठले, "हुजूर, अब तक तो बकरी नानी बन चुकी होगी!" केस तिथेच बाद झाली.

*

आता रामपायलीच्या सखूबाईचा किस्सा. तिचा एकुलता एक मुलगा चोरीच्या आरोपात जेलमध्ये होता. पोलिसांनी साठ दिवसांत चालान, म्हणजे आरोपपत्र, दिलं नाही तर त्याला जामिनाचा हक्क मिळणार होता.

आमचे मुंशी केशवजी कॅलेंडर मानत नसत. जेलमधल्या प्रत्येक दिवसाची एक रेघ ते खडूने कपाटाच्या दारावर ओढत. दिवाळीच्या सफाईत त्यांनी स्वतःच दार लख्ख पुसलं! आमचे चेहरे उतरले. सखूबाई शांतपणे म्हणाली, "आज पंचावन झाले जी." तिला मोजायला खडू लागत नव्हता. मला माझीच लाज वाटली.

भाऊसाहेबांनी तिला समजावलं, "एकसष्टाव्या दिवशी सकाळीच ये. आपला अर्ज पयले लागला, का पोरगं सुटते. त्यायचं चालान पयले आलं, का अडकलं."

त्या दिवशी कोर्ट बसताच अर्ज लागला. चालानाचा पत्ता नव्हता. जामीन मंजूर!

दुपारी रामपायली ठाण्याचा एक शिपाई चालान काखेत धरून पळत आला. बसमध्ये झोप लागली म्हणे, डोळे उघडले तर राजेगाव! थेट महाराष्ट्राच्या तोंडावर! रामपायलीहून बालाघाटला येणारी बस तशीच पुढे गोंदियाला जायची.

सखूबाईही त्याच बसने आली होती. भाऊसाहेबांनी विचारलं, "तुले तो शिपाई दिसला नाही काय?"

"दिसला ना जी. माह्या बाजूलेच बसला होता. रातची ड्यूटी करून आलता बिचारा. मीच म्हणलं त्याले, झोपा बाबू, बालाघाट आलं का उठवतो."