दोन चिठ्ठ्यांचा मासा

मासेसरांच्या खिशाला कधी पेन नसायचं. हजेरीपटावर सही करायलासुद्धा ते कारकुनाचं पेन मागून घेत आणि सही झाली की लगेच परत देत. कानावर मात्र सुतारासारखी बोटभर पेन्सिल. कराडच्या कॉलेजात जन्मभर प्राणिशास्त्र शिकवलेल्या या माणसाचं खरं आडनाव निम्म्या मुलांना ठाऊक नव्हतं.

मी त्यांची विद्यार्थिनी. पुढे त्यांच्याच विभागात नोकरीला लागले. पहिल्याच दिवशी नमुन्याच्या बाटलीवरची चिठ्ठी मी शाईनं लिहिली, तर त्यांनी ती शांतपणे काढून टाकली. म्हणाले, "प्राण्याला आपलं नाव म्हाईत न्हाई, बाई. आपण ठेवतो आन् आपणच चुकतो. खोडायला जागा ठेव."

कपाटाच्या वरच्या कप्प्यात त्यांचा मासा असे. वीतभर लांब, दगडात रुतलेला, शंकरपाळ्यांसारखे जाड खवले. डायनोसोरांच्या काळात गोड्या पाण्यात राहणारा आणि केव्हाच नामशेष झालेला. विट्याचा एक जुना विद्यार्थी चंद्रपूरकडे नोकरीला होता, त्यानं सुट्टीवर येताना तो गोधडीत गुंडाळून आणला होता. माशाच्या पाठीवरचा पर नेहमीपेक्षा बराच मागे होता, म्हणून ही प्रजातीच नवी असं सरांचं मत. चिठ्ठीवर कुळाचं नाव होतं, प्रजातीची जागा कोरी. ती जागा भरूनच निवृत्त व्हायचं, एवढं एकच त्यांनी मनात धरलं होतं. कित्येक वर्षं ते त्या दगडासमोर बसून डबा खात. ही सरांची दुसरी बायको, असं आम्ही मागून हसायचो.

निवृत्तीला महिना उरला होता. सरांच्या लेखासाठी फोटो काढायला मी मासा सूक्ष्मदर्शकाखाली घेतला आणि मधोमध केसाएवढी रेघ दिसली. रेघेत डिंक होता. पुढचा अर्धा एका माशाचा, मागचा दुसऱ्याच माशाचा. पर मागे गेला होता तो जोडल्यामुळे.

दोन दिवसांनी मी सरांना सांगितलं. सरांनी स्वतः पाहिलं, बराच वेळ पाहिलं. मोडका मासा सरांना कसा द्यायचा म्हणून त्या विद्यार्थ्यानं जवळ सापडलेले तुकडे जोडले असणार, हे दोघांनाही कळलं. सर रागावले असते तर मला बरं वाटलं असतं. "एकाच्या जागी दोन मासे मिळाले की," एवढंच म्हणाले. त्यांनी डिंक सोडवला, तुकडे वेगळे ठेवले आणि दोन चिठ्ठ्या लिहिल्या. दोन्हींवर आधीच माहीत असलेल्या प्रजातींची नावं. जाताना म्हणाले, "त्याला सांगू नगंस. मायेनं जोडलाय त्यानं."

निरोप समारंभात नारळ घेतला आणि घरी गेले.

यंदा उन्हाळ्यात सर वारले. फोन आला तेव्हा मी प्रात्यक्षिकाच्या वह्या तपासत होते; त्या सगळ्या तपासून संपवल्या. मला काही वाटलं नाही. अजूनही वाटत नाही. त्याची लाज वाटायला हवी, तीही फारशी वाटत नाही. प्राचार्यांनी निधनाची सूचना लिहायला सांगितली, ती लिहून फलकावर लावली.

आठवड्यानं विट्याचा तो विद्यार्थी आला. आता त्याचेही केस पिकलेत. त्यानं विचारलं, "ताई, माझा मासा नवा निघाला का वो?" सरांचं काम चालू होतं, असं मी सांगितलं. त्यानं मान डोलावली आणि फलकापाशी जाऊन डोळे बारीक करून सूचना वाचू लागला.

"पेन्सिलीनं लिवलंय व्हय? पुसंल की, ताई."

त्यानं खिशातलं पेन काढून माझ्यापुढे धरलं. मी हात पुढे केला नाही.