इन्चार्जची खुर्ची

काशी त्या सकाळी एका यंत्रमाग कामगाराच्या बोटाची पट्टी बदलत होती. तो "सिस्टर, धीरे से" म्हणून कळवळत होता आणि ती त्याला हिंदीतच दटावत होती. तेवढ्यात ऑफिसातला कुमार क्लार्क दारात येऊन उभा राहिला. एरवी तोंडाला विसावा नसलेल्या या माणसानं आज नुसता एक कागद पुढे केला.

"मॅडम, सही लागेल," एवढंच म्हणाला.

गणपतीची रजा मंजूर झाली असेल, असं समजून काशीनं कागद हातात घेतला. वाचला. पुन्हा वाचला. तिला इन्चार्ज पदावरून उतरवून साधी स्टाफ नर्स केलं होतं. आजपासून. तिच्या जागी तिच्याच वॉर्डातली नर्स सुवर्णा.

"हे दुसऱ्या कुणाचं असेल रे."

"तुमचंच आहे, मॅडम. सुवर्णा सिस्टरनी सिनिऑरिटीची केस केली होती. न्यायाधिकरणाचा निकाल लागला."

"कसली केस? मला कुणी विचारलंसुद्धा नाही!"

पट्टीचं टोक पेशंटच्या हाताला तसंच लोंबत राहिलं. दुसऱ्या नर्सनं येऊन ते बांधलं, तेही काशीला कळलं नाही.

भिवंडीच्या या सरकारी दवाखान्यात तिची उमेदीची सगळी वर्षं गेली होती. खारबावच्या शेतकरी घरातली ती पहिली नोकरीवाली. शिक्षण संपताच तात्पुरत्या नेमणुकीवर लागली, पुढे कायम झाली आणि सहाएक वर्षांपूर्वी इन्चार्ज. सगळा वॉर्ड तिच्या आवाजावर हलायचा. सुवर्णा पडघ्यापलीकडच्या पाड्यावरची, आदिवासी घरातली, मोजकं बोलणारी. जव्हारकडून बदलून आलेली. दोघी रोज एकत्र डबा खायच्या. काशीची सासू ठमाबाई अर्धांगानं पडली, तेव्हा तिची उस्तवार करायला सुवर्णा न बोलावता घरी येत होती.

म्हणूनच काशीला ते खरं वाटेना. सुवर्णा त्या दिवशी रजेवर होती. ड्युटी संपताच रिक्षा करून काशी थेट शेलार गावातल्या तिच्या खोलीवर गेली. सुवर्णा दारातच भाजी निवडत बसली होती. काशीला पाहून ती उठली, पण आत ये म्हणाली नाही.

"माझ्यावर केस केलीस?"

"तुज्यावर न्हाय, काशीताई. खात्यावर केली."

"खुर्ची तर माझीच गेली ना! डबा एकत्र खाताना तोंडाला कुलूप होतं?"

"वकील बोलला, कोनाशी बोलू नको. मला वाटला, खात्यानं तुला कळवला आसंल."

खात्यानं कळवलं नव्हतं. त्या पदावर कुणी बसलंय, तिचंही म्हणणं ऐकायला हवं, हे कोर्टाच्या कानावरच घातलं गेलं नव्हतं. काशीच्या नवऱ्यानं, पंढरीनं, ओळखीतून एक वकीलबाई गाठल्या. त्या ऐकूनच म्हणाल्या, "तुम्हाला न ऐकता उतरवलं? हे टिकणार नाही." आणि खरंच, केस पुन्हा उघडली. पंढरीनं शेजाऱ्यांना सांगूनही टाकलं, की आमची जिंकली.

सुनावणीला काशी मागच्या बाकावर बसली. पलीकडच्या टोकाला सुवर्णा. दोघींनी एकमेकींकडे पाहिलं नाही. वकीलबाई तावातावानं बोलल्या: काशी आधी लागली, म्हणून ती सिनियर. समोर बसलेल्या न्यायाधिकरणाच्या सदस्यांनी शांतपणे विचारलं, "ती पहिली नेमणूक निवड परीक्षा देऊन झाली होती का?"

वकीलबाई कागद चाळू लागल्या. काशीनं मान वर केली. परीक्षा? परीक्षा तिनं दिलीच नव्हती. तेव्हा माणसं हवी होती, घेतलं. परीक्षा दिली होती सुवर्णानं. रीतसर निवड होऊन ती जव्हारला रुजू झाली, तेव्हा काशी अजून तात्पुरतीच होती. ती कायम झाली त्यानंतर. तात्पुरत्या दिवसांची ज्येष्ठता धरता येत नाही, आणि खात्यानं ती धरली होती. सगळं बोलणं काशीला कळलं नाही, पण एवढं कळलं. इतकी वर्षं ती दुसरीच्या खुर्चीत बसली होती.

निकाल तोच राहिला. बाहेर व्हरांड्यात तिनं सुवर्णाचा दंड धरला. "तुला पहिल्यापासून माहीत होतं?"

"व्हता. तुला बोलले पन व्हते. तू इन्चार्ज झालीस नि पेढे वाटलेस त्या दिशी. मी बोलले, ही जागा माजी हाय."

काशीला आठवलं. आठवलं तसा तिचा हात सुटला. सुवर्णा गमतीनं म्हणतेय असं समजून ती खळखळून हसली होती आणि आणखी एक पेढा तिच्या तोंडात कोंबला होता.

"मग जोरात का नाही बोललीस गं?"

"तू हसलीस ना," सुवर्णा म्हणाली.

पंढरी हायकोर्टात जाऊ म्हणत होता. काशीनं त्याला गप्प केलं. "कशाला जायचं? ती बोलते ते खरं हाय."

काशी अजून त्याच वॉर्डात आहे. सुवर्णा ड्युटीची पाळी लावते, काशी ती निमूट करते. पण कुणी लांबून "इन्चार्ज!" अशी हाक मारली, की अजूनही दोघी एकदम वळतात. मग काशी खाली बघते, आणि सुवर्णा हाक मारणाऱ्याकडे जाते.