पांगाऱ्याचे पाय

जादूगाराच्या बायकोचे पाय मी केलेत, असं सांगितलं की आजही लोक माझ्याकडं जरा निरखून पाहतात. पाहू देत! पांगाऱ्याचं हलकं लाकूड, वर गव्हाळ रंग, बोटांत खरी जोडवी. निजामाच्या राज्यात परभणीकडं गावोगाव आम्ही तो खेळ केला. बाई पेटीत आडवी व्हायची. एका टोकाला तिचं डोकं बाहेर, दुसऱ्या टोकाला पाय. नवऱ्यानं करवत उचलली की ती गुडघे पोटाशी घ्यायची, आणि टेबलाखाली पडद्याआड बसलेला मी सुतार पेटीच्या उघड्या तळातून दांड्यांवर बसवलेले लाकडी पाय त्याच भोकातून बाहेर सरकवायचो. टाळ्या त्याला, मुंग्या मला.

पोखर्णीच्या जत्रेत भर दुपारी खेळ लागला. समोर खुर्चीवर पोलिसांचे अमीनसाहेब. बाई पेटीत पडली, तशी बायकांतून एक म्हातारी उठली.

"सवाशीण कापायलास अन् पायाला हळद न्हाई? थांब रे बाबा!"

तिनं बाईच्या पावलांना हळदीकुंकू माखलं. खाली मला घाम फुटला. माझ्या हातातले पाय कोरेच होते!

पायांवर रुमाल पडला, करवत वाजू लागली, पिवळी पावलं आत आली. मी लाकडी पाय त्यांच्यावर खसाखसा घासले. हळद उन्हानं वाळून गेलेली, काही लागेना. बाईला मात्र गुदगुल्या झाल्या आणि ती खिदळली.

"कापताना हसायली बघ," कुणीतरी म्हणालं.

रुमाल उचलायची वेळ झाली. कोरे तर कोरे, मी पाय ढकलले.

"अगं, हळद कुठं गेली?" म्हातारी पुन्हा वर आली. तिनं पाऊल धरलं आणि किंचाळली, "गार पडले! पार लाकूड झालेत!"

"मावशी, मी जिती हाय!" पेटीतून बाई ओरडली.

"वरली अर्धी बोलायली गं!"

लोक उठले. अमीनसाहेब उठले. एकानं करवत हिसकली, दुसऱ्यानं जादूगाराची गचांडी धरली. गुपित सांगावं तर खेळ कायमचा बुडाला. न सांगावं तर माणूस हवालातीत. बाईनं पाय बाहेर काढावेत तर भोकात लाकडी पाय. मी ते आत ओढू लागलो, पण म्हातारी सोडेना. ऊब यावी म्हणून ती तळवे चोळत होती! तिच्या मायेपुढं माझं काय चालणार? घामानं हात निसटला आणि एक पाय दांड्यासकट तिच्या हातात गेला.

भोकातून आमची नजरानजर झाली. मी हात जोडले. दुसरं करण्यासारखं काही उरलंच नव्हतं.

म्हातारीनं पायावर पदर ओढला. "ऊब आली हो! सोडा त्याला," ती गर्दीकडं बघून ओरडली. मग पाय आत सारताना खाली वाकून पुटपुटली, "नखं तरी नीट कोरायची की, मुडद्या."