आबाचा आवाज, सेठचं तोंड

खानदेशात तयार होणाऱ्या कुठल्याही सिनेमात, मग तो मोबाइलवर बघा की गावच्या मंगल कार्यालयात, जमीन हडपणारा सेठ दिसला तर तो मीच. बारा वर्षं हाच उद्योग चाललाय. जामनेरची जमीन हडपली, धुळ्याकडे एका विधवेची विहीरसुद्धा सोडली नाही. प्रत्यक्षात माझ्या नावावर दोन खोल्या आहेत, आणि त्यांच्यासमोरची गटार नगरपालिकेची.

या भूमिकेसाठी मला परीक्षा द्यावी लागली नाही, जन्मतःच पास झालो होतो. वडिलांनी मारवाडातून येऊन धरणगावात कापडाचं दुकान टाकलं तेव्हा मी सहा वर्षांचा होतो. गिऱ्हाइकांकडून अहिराणी शिकलो, ती इतकी की आईला मारवाडीत उत्तर देताना अडखळायला लागलो. पण आडनाव मारवाडी ना? मग घाला अंगठ्या बोटांत!

रेडिओला चेहरा लागत नाही, देवाची कृपा. जळगावच्या एका स्टेशनवर रोज सकाळी मी 'आबा' असतो. सत्तरीचा, खोकणारा, तोंडाचा फटकळ शेतकरी. "राम राम, बठ्ठासले राम राम!" म्हटलं की फोन सुरू. कपाशीवर बोंडअळी पडली, सून नीट बोलत नाही, जो तो आबाला विचारतो. आबा अळीला आणि सासूला सारख्याच शिव्या देतात. लोक आबांसाठी स्टेशनवर पापड, लोणची, कळण्याचं पीठ आणून देतात. सेठ ते घरी नेऊन मिटक्या मारत खातो.

मग एका दिग्दर्शकाने आबांवरच सिनेमा काढायचं ठरवलं. एरवी हा गृहस्थ लग्नांचं शूटिंग करतो. बातमी ऐकून मी महिनाभर दाढी वाढवली. आयुष्यात एकदाच, फक्त एकदा, पडद्यावर आबा माझ्या तोंडाने बोलावेत, एवढीच इच्छा होती. धोतर नेसून त्याच्या ऑफिसात गेलो. हात दाखवून अवलक्षण, दुसरं काय!

तो पोट धरून हसला. "काय सेठ, गंमत करता का? तुम्ही शेतकरी म्हणून लोकांना पटायला नको?"

लोकांना पटेल असा शेतकरी त्याने धुळ्याहून आणला. सात पिढ्या खानदेशातल्या, पैलवानासारखे रुंद खांदे, दाढी पांढरी रंगवलेली, आणि अहिराणीचं एक वाक्य धड बोलता येईना! इंग्रजी शाळेत शिकलेला. तेव्हा ठरलं असं, की आबांचा चेहरा त्याचा आणि आवाज माझा. "आणि सेठ तर तुम्हीच," दिग्दर्शक उदार मनाने म्हणाला.

नाही म्हणायला हवं होतं. म्हटलं नाही. स्वाभिमान घरी ठेवून आलो होतो, दाढी तेवढी सोबत होती. तीही त्यांनी दुसऱ्या दिवशी काढायला लावली.

डबिंगला भिंतींना गाद्या लावलेली एक खोली होती. तिथे मी स्वतःलाच जमिनीवरून हुसकावलं. आधी सेठच्या आवाजात म्हणालो, "चल हट, बुड्ढे." मग घसा बदलून आबांच्या आवाजात, "आठेच वाढनू, आठेच मरसू." इथेच वाढलो, इथेच मरेन, हे दुसरं वाक्य काही केल्या नीट निघेना. पाचव्यांदा बोलताना मला सरळ रडूच आलं. काचेपलीकडून रेकॉर्डिस्ट ओरडला, "वा सेठ! आबा एकदम खरे वाटले!"

भडगावला मंगल कार्यालयात सिनेमा दाखवला. संपल्यावर धुळ्याच्या पैलवानाभोवती सेल्फीवाल्यांची ही गर्दी. मी खुर्च्यांपाशी उभा होतो. एक म्हाताऱ्या अक्का काठी टेकत थेट माझ्याकडे आल्या आणि त्यांनी काठी माझ्या पायावर हाणली.

"आबाले काबरं तरास देस रे, मुडद्या?"

मला राहवलं नाही. आजूबाजूला कोणी ऐकत नव्हतं. मी खोकलो आणि आबांच्या आवाजात म्हणालो, "राम राम, अक्का. मीच आबा शे."

अक्का थबकल्या. माझ्या तोंडाकडे नीट बघितलं, मग गर्दीतल्या पांढऱ्या दाढीकडे, मग पुन्हा माझ्याकडे. मला वाटलं, ओळखलं!

"नक्कल चांगली करस रे सेठ," त्या म्हणाल्या. "पन मी आबाले रोज सकाळे ऐकस. माले नको शिकाडू."

मग त्यांनी पदराखालून पिशवी काढली. नागलीचे पापड होते. गर्दीत शिरायची त्यांच्यात ताकद नव्हती.

"हाई आबाले देजो," पिशवी माझ्या हातात कोंबत त्या म्हणाल्या. "तू खाऊ नको."

"देस, अक्का," मी म्हणालो.

पापड घरी आणले. अजून तळलेले नाहीत.