मास्तरकीची जागा आणि पुतणीचं स्थळ

जिल्हा परिषदा नव्या होत्या तेव्हा चिखलीजवळच्या एका गावात मास्तराची जागा निघाली. माझं ट्रेनिंग झालं होतं आणि घरात दुसरं कुणी कमावतं नव्हतं. मुलाखतीआधी भागातल्या सदस्याच्या घरी हजेरी लावायचा रिवाज होता, म्हणून मीही गेलो. ओसरीवर आम्हा उमेदवारांपुढे सदस्याच्या पुतणीने पोहे ठेवले. तिची आई दारातून एकेकाला निरखत होती.

सदस्याने मला एकच प्रश्न विचारला. "लगन झालं काय बे तुयं?"

"हो भाऊसाहेब, औंदाच झालं."

"मंग इथं काऊन आला? पोहे खायाले?"

सगळे हसले. माझं प्रमाणपत्र त्याने हातातही घेतलं नाही. शेजारच्या उमेदवाराला मात्र त्याने कूळ, शेती, मामाचं गाव, सगळं विचारलं. त्याला पाढे धड येत नव्हते, कूळ तोंडपाठ होतं. लग्नाच्या मांडवातच त्याला नेमणुकीचा हुकूम मिळाला.

मी जळगाव जामोदला एका अडत्याकडे मुनीम झालो. त्याने आधी माझ्याकडून बेरजा करून घेतल्या, मगच ठेवलं. कापसाच्या हिशेबाला माणूस पारखून लागत होता, पोरांना शिकवायला जावई पुरत होता.