भानुदासरावांनी न बघता छापलेली बातमी

इंदापुरात भानुदासरावांना संपादक कुणी म्हणत नसे. त्यांचं नाव पडलं होतं ‘बघून येतो’. कुणी बातमी आणली की ते चष्मा पुसायचे, पिशवी खांद्याला लावायचे आणि म्हणायचे, “बघून येतो.” कुणाच्या उसाला आग लागू दे, कुणाची म्हैस विहिरीत पडू दे, आधी स्वतः जायचं, मग छापायचं. त्यांचं ‘पाणवठा’ साप्ताहिक चार पानांचं. त्यातली दोन पुढाऱ्यांच्या वाढदिवसांनी भरलेली, पण उरलेल्या दोन पानांवर लोकांचा विश्वास. तरुणपणी छपाईच्या अक्षरांचे शिशाचे खिळे जुळवून बोटं काळी झाली, पुढं कॉम्प्युटर आला, डोकं पांढरं झालं, सवय तीच. बायको होती तोवर म्हणायची, “भाजी चांगली झालीय, असं एकदा तरी न चाखता म्हणा की.”

गेल्या वैशाखात पळसदेवला संदेश नावाचा मासे धरणारा बुडाला. धरणाचं पाणी उतरलेलं. गुडघाभर पाण्यात जाळं टाकायला गेला, तो परत आलाच नाही. तिथनं चोरून वाळू नेणारा होता एक, त्याची माणसं म्हणाली, पोरगा दारू प्यालेला. गाव गप्प. भानुदासराव गेले, कमरेला दोर बांधून त्याच जागी उतरले. दुसऱ्या पावलाला पाणी गळ्याशी आलं. वाळू उपसून केलेला खड्डा होता तो. दोराचं दुसरं टोक संदेशच्या बायकोनं, संजीवनीनं, धरलेलं होतं.

‘पाणवठ्या’त ते आलं म्हणून चौकशी लागली. पण चौकशीला माघ उजाडला, तोवर धरण भरून खड्डा पाण्याखाली गेलेला. बायकोचं कोण धरतो, साक्ष काय ती भानुदासरावांच्या शब्दाची. शाळेत पोरं संजीवनीच्या लेकाला ‘बेवड्याचा’ म्हणत. तिला दुसरं काही नको होतं, नवऱ्याच्या नावावरचा तेवढा डाग पुसायचा होता.

नेमका चौकशीच्या आठवड्यातच कावळा आला. अंथुर्ण्याला भानुदासरावांची थोरली बहीण चतुराबाई अंगणात तूर पाखडत होती, तिच्या डोक्यावर बसून गेला. अपशकुन मोठा. त्याला उतारा एकच, माणूस गेल्याची खोटी खबर नातेवाइकांना द्यायची. ते मनापासून रडले की मरण टळतं, मग खरं सांगायचं. सून राजलक्ष्मीनं फोन लावला, “मामा, सासूबाई गेल्या वो.”

अंक छपाईला निघालेला. जन्मात पहिल्यांदा भानुदासराव ‘बघून येतो’ म्हणाले नाहीत. स्वतःच्या रक्ताची खातरजमा कोण करतं? रडत रडत पहिल्या पानावर बहिणीचं लिहिलं, अंक धाडला आणि एसटी धरली. फोन टेबलावरच राहिला. खरी खबर त्यात वाजून वाजून दमली.

दारात चतुराबाई सूप घेऊन बसलेली. “आलास का भान्या? रडलास न्हवं नीट?”

भानुदासराव उंबऱ्यावरच बसले. “ताई, मी छापलं.”

“काय छापलंस?”

“तुला.”

सूप थांबलं. “मेल्या, जन्मभर सगळ्यांच्या दारात जाऊन बघितलंस, आन् माझ्याच दारात याया सवड न्हाय झाली व्हय?”

दुसऱ्या दिवसापासून बाजारात माणसं हाका मारायला लागली, “भानुदासराव, आमी हाय का अजून? बघा जरा.”

बारामतीला चौकशी झाली. चतुराबाई ठेवणीतलं लुगडं नेसून भावाशेजारी उभी राहिली. वाळूवाल्याच्या वकिलानं अंक वर धरला.

“या बाई कोण?”

“माझी बहीण.”

“तुमच्या पेपरात तर या गेल्यात.”

माणसं हसली. भानुदासराव म्हणाले, “ती बातमी न बघता छापली. खड्डा बघून छापलाय.”

“मग वाचणाऱ्यानं कसं ओळखायचं, कुठली बघून आणि कुठली न बघता?”

 भानुदासरावांनी चौकशीच्या साहेबांना हात जोडले, “उन्हाळ्यात पाणी उतरतं, धरणात बुडालेलं जुनं देऊळ उघडं पडतं. खड्डाबी दिसंल. तोवर थांबा.”

साहेब थांबले नाहीत. कागदावर दारूच राहिली.

उन्हाळा आला, देऊळ वर आलं. भानुदासराव आणि संजीवनी काठानं त्या जागी गेले. तिथं सपाट गाळ. काठी खुपसली, रुतली, पण काठी काय सगळीकडंच रुतत होती.

“आबा, छापा, खड्डा हाय म्हणून,” संजीवनी म्हणाली. “तुमी उतरला व्हता, मी दोर धरला व्हता. खोटं कुठं हाय त्यात?”

म्हाताऱ्यानं चष्मा पुसून पुन्हा बघितलं. मग म्हणाला, “आज दिसत न्हाय, पोरी.”

ती एकटीच माघारी गेली.

पुढच्या अंकात पहिल्या पानावर आलं: ‘पळसदेवला जाऊन आलो. खड्डा दिसला नाही, गाळानं बुजला आहे. गेल्या वैशाखात तो होता. मी त्यात उतरलो होतो, पाणी गळ्याला लागलं होतं.’ वाळूवाल्यानं ‘खड्डा दिसला नाही’ एवढंच कापून गावभर मोबाइलवर फिरवलं.

अंक द्यायला भानुदासराव स्वतः पळसदेवला गेले. संजीवनीच्या दाराला आतून कडी होती. हाक मारली, ओ आली नाही. अंक फटीतून आत सरकवला आणि ते ओट्यावर बसले, ती उचलते का ते बघायला. ऊन ओट्यावरनं उतरलं, तरी कागदाचं टोक फटीतनं तसंच बाहेर दिसत होतं.