चहा दिला होता

मुलगी माझ्याकडे राहील, असा अंतरिम आदेश कोर्टाने दिला होता. ती सहा वर्षांची. नवरा उल्हासनगरात, कॅम्प दोनमध्ये. आम्ही दोघी शिरगावात माझ्या आईकडे. आदेशानंतर पोलीस घरी यायला लागले.

येणारा हवालदार एकच, साध्या कपड्यांत. "ताई, पाच मिनिटांचं काम आहे. साहेबांनी बोलावलंय. बाळाला घ्या, तिचे वडील तिकडेच बसलेत." नोटीस मागितली की हसायचा. "घरगुती मॅटरमध्ये कसली नोटीस?" वकिलाने बजावलं होतं: लेखी काही नसताना मुलीला न्यायचं नाही. एकदा ती वडिलांच्या गाडीत बसली, की परत आणायला महिने जातील.

मी नाही म्हणत असे, आणि तोवर आईने चहा ठेवलेला असे. दारात आलेला माणूस तसाच जाऊ नये, ही तिची आयुष्यभराची सवय. एकदा तिने बेसनाचा लाडूही दिला. जाताना हवालदार चपलांच्या स्टँडकडे बघायचा. मुलगी घरात आहे का, हे तो तिच्या शाळेच्या बुटांवरून ताडत होता, असं मला उशिरा वाटलं. मग बूट कपाटात गेले.

मी वरच्या कार्यालयात तक्रार केली. अधिकाऱ्याने आम्हाला समोरासमोर बसवलं. हवालदार म्हणाला, "साहेब, मी समजवायलाच जात होतो. काकूंना विचारा, चहा-लाडू खाऊन आलोय."

अधिकारी माझ्याकडे वळला. "मॅडम, छळ करणाऱ्याला कोणी लाडू देतं का?"

खोलीतले लोक हसले. आई माझ्या शेजारी बसली होती. चौकशी तिथेच संपली. परतताना रिक्षात ती एवढंच म्हणाली, "कोणाला पाणी द्यायचं, हेही आता वकिलाला विचारायचं का?"

पुढच्या आठवड्यात बेल वाजली. मुलगी बाथरूममध्ये गेली आणि तिने आतून कडी लावली. हे तिला कोणी शिकवलं नव्हतं. आईने लाकडी दार उघडलं. बाहेरचं जाळीचं दार बंदच ठेवलं.

"काय काकू, आज चहा नाही?"

"कागद आणलाय?"

"अहो, पाच मिनिटांचं..."

"कागद."

समोरच्या फ्लॅटमधली बाई दारात येऊन उभी राहिली. हवालदाराने स्टँडकडे पाहिलं, मग त्या बाईकडे. "बरं, पाणी तरी द्या."

आई सवयीने वळली. दोन पावलं गेली आणि थांबली. परत येऊन तिने जाळी धरली. "खाली वॉचमनकडे मिळेल."

तो जिना उतरला. त्याची मोटरसायकल सुरू झाल्याचं ऐकेपर्यंत आईने जाळी सोडली नाही. मी बाथरूमचं दार वाजवलं.

"गेले ते?" आतून आवाज आला.

"गेले."

"चहा न पिता?"

"न पिता."

मग तिने कडी काढली.